विटाळाचा सिद्धान्त आणि आमचा अनुभव
(सुंदर सरुक्काई यांच्या विचाराचे एक वाचन)

दलित साहित्याच्या चर्चेत एक प्रश्न आरंभापासून विचारला गेला आहे. अनुभव कुणाचा, आणि त्या अनुभवावर बोलण्याचा अधिकार कुणाचा? प्रस्थापित समीक्षेने यावर 'परकायाप्रवेश' हा शब्द पुढे केला. प्रतिभावंत लेखक कुणाच्याही देहात शिरू शकतो, म्हणून दलितांचे जीवन लिहिण्यासाठी दलित असण्याची गरज नाही, असे सांगितले गेले. आपल्या बाजूने उत्तर आले : ज्याचं जळतं त्याला कळतं. 'बलुतं' १९७८ साली आले, त्यानंतर एकामागून एक आत्मकथने आली, आणि या उत्तराला पुराव्याची जोड मिळाली. परंतु वाद मात्र तिथेच थांबला. ते म्हणत राहिले, कल्पनाशक्ती पुरेशी आहे. आपण म्हणत राहिलो, अनुभव पाहिजे. अनुभव म्हणजे काय, त्याने कोणता अधिकार मिळतो, आणि अनुभवापुढे जाऊन काय करायचे असते, हे प्रश्न आपण फारसे विचारले नाहीत.

हे प्रश्न नेटाने विचारले ते साहित्याबाहेरच्या दोन माणसांनी. एक गोपाळ गुरू, महाराष्ट्रातून आलेले राज्यशास्त्राचे प्राध्यापक, पुणे विद्यापीठातही शिकवून गेलेले. दुसरे सुंदर सरुक्काई, बंगळूरचे, शिक्षणाने पदार्थवैज्ञानिक आणि व्यवसायाने विज्ञानाच्या तत्त्वज्ञानाचे अभ्यासक. पहिल्या नावाची आपल्या चळवळीला ओळख आहे. दुसऱ्या नावाविषयी मराठीत फार लिहिले गेलेले नाही. प्रस्तुत लेख या दुसऱ्या माणसाविषयी आहे. मी मुळशी तालुक्यात जन्मलो, याच तालुक्यात मास्तरकी केली, आणि या माणसाची पुस्तके मी इथल्याच पाण्याच्या काठी बसून वाचली. त्यामुळे हे वाचन मुळशीतून झालेले वाचन आहे. ते तसेच असावे असेही मला वाटते.

१

सरुक्काई यांची वाट नेहमीच्या प्राध्यापकाची नाही. अमेरिकेतील पर्ड्यू विद्यापीठातून त्यांनी पीएच.डी. मिळवली. पदार्थविज्ञान आणि तत्त्वज्ञान ही दोन्ही त्यांची शिक्षणाची क्षेत्रे. पुढे बंगळूरच्या नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ ॲडव्हान्स्ड स्टडीज या संस्थेत त्यांनी दीर्घकाळ काम केले. २०१० साली मणिपाल येथे तत्त्वज्ञान आणि मानव्यविद्यांचे केंद्र सुरू झाले, त्याचे ते संस्थापक संचालक होते. २०१५ पर्यंत त्यांनी ते चालवले. त्यानंतर विद्यापीठाच्या भिंतीबाहेर, लहान मुलांपर्यंत आणि सामान्य माणसांपर्यंत तत्त्वज्ञान नेण्याच्या उद्योगात ते पडले.

त्यांची आरंभीची पुस्तके विज्ञानाविषयी आहेत. २००२ च्या 'ट्रान्स्लेटिंग द वर्ल्ड' मध्ये विज्ञान भाषेचा वापर कसा करते हा विषय आहे. गणिताची चिन्हे, आकृत्या, आलेख आणि साधी वाक्ये यांची मोट बांधून वैज्ञानिक जग लिहून काढतो, असे ते दाखवतात. २००४ चे पुस्तक सममिती या कल्पनेवर आहे. २००५ साली 'इंडियन फिलॉसॉफी अँड फिलॉसॉफी ऑफ सायन्स' आले. त्यात न्यायदर्शनातील आणि बौद्ध तर्कशास्त्रातील अनुमानाचा विचार त्यांनी आजच्या विज्ञानविचारासमोर ठेवला. डोंगरावर धूर दिसतो, म्हणून तिथे अग्नी आहे, हे अनुमानाचे जुने उदाहरण आपण शाळेत ऐकलेले असते. धूर हा हेतू. जिथे धूर तिथे अग्नी, ही व्याप्ती. स्वयंपाकघर हे तिचे उदाहरण. दिङ्नागाने हेतूला तीन अटी घातल्या. खूण केव्हा विश्वासार्ह मानायची आणि केव्हा नाही, याचा हा काटेकोर विचार आहे, आणि विज्ञानाचाही मूळ प्रश्न हाच आहे, असे सरुक्काई सांगतात.

दिङ्नाग बौद्ध होता हे आपण विसरू नये. प्रत्यक्ष आणि अनुमान ही दोनच प्रमाणे मानणारी, शब्दाला स्वतंत्र प्रमाण म्हणून नाकारणारी ही परंपरा आहे. दिङ्नागानंतर आलेल्या धर्मकीर्तीने वेदप्रामाण्य आणि जातीचा अभिमान या दोन्ही गोष्टी बुद्धी जड झाल्याच्या लक्षणांत घातल्या. तर्कशास्त्र म्हणजे पंडितांच्या घरची वस्तू असे आपल्याला वाटत आले. ती आपलीही वस्तू आहे. या मुद्द्याकडे मी पुन्हा येणार आहे.

सममिती आणि अनुमान यांवर लिहिणारा माणूस अस्पृश्यतेकडे कसा वळला? त्याचे कारण गोपाळ गुरू यांचा एक निबंध.

२

२००२ च्या डिसेंबरात 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली' या साप्ताहिकात गुरूंनी भारतातील सामाजिक शास्त्रे कितपत समतावादी आहेत असा सवाल केला. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे. या शास्त्रांत वरच्या मजल्यावर सिद्धान्त सांगणारे बसलेले आहेत आणि खालच्या मजल्यावर माहिती गोळा करणारे. वरचे ते सैद्धान्तिक ब्राह्मण, खालचे ते अनुभवाचे शूद्र. दलित हा नेहमी माहिती पुरवणारा असतो, तिचा अर्थ लावणारा कुणीतरी दुसरा असतो. इथपर्यंत आपल्याला टाळ्या वाजवाव्याशा वाटतील. पण गुरू पुढे आपल्यालाही बोलतात. दलितांनी कवितेत आणि साहित्यात मोठे काम केले, परंतु कविता सिद्धान्ताची जागा घेऊ शकत नाही, असे त्यांनी म्हटले. सिद्धान्त मांडणे ही आपली नैतिक जबाबदारी आहे, ती टाळण्यासाठी अनुभवाचा आडोसा घेऊ नका, असा तो इशारा होता. साहित्याच्या नियतकालिकांत लिहिणाऱ्या आपल्यासारख्यांना तो झोंबणारा आहे, आणि झोंबला पाहिजे.

या निबंधाला सरुक्काई यांनी २००७ साली उत्तर दिले. ते उत्तर विरोधाचे नाही आणि निव्वळ पाठिंब्याचेही नाही. एखादा प्रयोग कुणी केला म्हणजे तो कोणत्या गृहीतांवर उभा आहे हे तपासावे, तशी त्यांनी गुरूंच्या विधानाची तपासणी केली. 'जगलेला अनुभव' असे आपण म्हणतो, त्यात 'जगलेला' या शब्दाने नेमके काय वाढते? कुणी अभ्यासक झोपडपट्टीत वर्षभर जाऊन राहिला, तिथलेच अन्न खाल्ले, तिथलेच पाणी प्याला, तर त्याचा अनुभव आणि तिथे जन्मलेल्याचा अनुभव यांत फरक कोणता? सरुक्काई यांचे उत्तर माझ्या मते या सगळ्या वादातले सर्वांत मोलाचे वाक्य ठरावे. पाहुण्याला निघून जाता येते. त्याने तो अनुभव निवडलेला असतो, आणि नको झाला की तो सोडून देण्याचे स्वातंत्र्य त्याच्या खिशात असते. जगलेल्या अनुभवात हे स्वातंत्र्य नसते. तो निवडता येत नाही, बदलता येत नाही, आणि सोडून जाता येत नाही. अनुभव किती तीव्र आहे यावर हा फरक ठरत नाही. सुटकेची वाट आहे की नाही यावर तो ठरतो.

परकायाप्रवेशाच्या गप्पांना याहून नेमके उत्तर मला माहीत नाही. दुसऱ्याच्या देहात शिरणारा योगी आपल्या देहात परत येऊ शकतो, आणि त्या कल्पनेचे सारे सामर्थ्य या परतीच्या वाटेवर उभे आहे. आपण इतकी वर्षे 'तुम्हांला कळणार नाही' असे म्हणत होतो. ते खरे असले तरी त्यात भावना जास्त आणि युक्तिवाद कमी होता. सरुक्काई यांनी भावनेखालचा युक्तिवाद उघडा करून दाखवला.

परंतु ते इथे थांबत नाहीत. अनुभवाचा मालक आणि अनुभवाचा कर्ता यांत ते भेद करतात. कादंबरीकार आपल्या कृतीचा कर्ता असतो. अपमान सोसणारा माणूस त्या अपमानाचा धनी असतो, पण त्याने तो रचलेला नसतो. तो दुसऱ्या कुणीतरी रचला आणि याच्या पदरात टाकला. मग ज्याने तो सोसला तोच त्यावर सिद्धान्त करू शकेल, असे म्हणायचे काय? सरुक्काई तसे म्हणत नाहीत. मात्र ज्याने सोसले नाही त्याने सिद्धान्त करताना कोणती नैतिक किंमत मोजली, हा प्रश्न विचारण्याचा हक्क ते आपल्याला देतात. गुरू आणि सरुक्काई यांच्यातला हा वाद २०१२ साली 'द क्रॅक्ड मिरर' या ग्रंथात एकत्र आला. दोघांचे जमले म्हणून हा ग्रंथ लिहिलेला नाही. दोघांचे न जमणारे मुद्दे त्यात शाबूत आहेत. आपल्याकडे वाद म्हणजे एकमेकांना बाद करणे असते, म्हणून ही गोष्ट मुद्दाम नोंदवतो.

३

२००९ साली त्याच साप्ताहिकात सरुक्काई यांनी अस्पृश्यतेवर निबंध लिहिला. त्याची सुरुवातच वेगळी आहे. अस्पृश्यता या शब्दात स्पर्श आहे, तर आधी स्पर्श म्हणजे काय ते पाहू, असे ते म्हणतात. डोळ्याने पाहताना पाहणारा दूर राहू शकतो, पण स्पर्शात दूर राहता येत नाही. मी दुसऱ्याला शिवतो तेव्हा तोही मला शिवतो, आणि मला माझ्या कातडीचे भान त्या शिवण्यातूनच येते. मग जो माणूस दुसऱ्याला शिवायचे नाही असे व्रत घेतो, तो आपलीच एक शक्ती मारून टाकतो. सोवळ्यातला ब्राह्मण, मठातला आचार्य, यांना कुणी शिवायचे नसते. अस्पृश्य असणे हा त्यांच्यापुरता मानाचा गुण आहे. हा गुण टिकवण्यासाठी त्याचा भार दुसऱ्या कुणाच्या देहावर टाकावा लागतो, आणि तो आपल्या देहावर टाकला गेला. त्यांच्याकडे पावित्र्य म्हणून राहिलेली गोष्ट आपल्याकडे कलंक म्हणून आली.

हा निबंध मी माझ्या अकरावीच्या वर्गात माझ्या शब्दांत सांगून पाहिला. मागच्या बाकावरचा वस्तीतला एक मुलगा, जो कधी बोलत नसे, तो उभा राहिला आणि म्हणाला, "म्हणजे सर, अस्पृश्य ते. आपण नाही." वर्ग हसला. मी हसलो नाही. खोट आपल्या अंगात आहे असे ज्याच्या मनावर बिंबवले गेले, त्याला खोट शिवू न शकणाऱ्याच्या बुद्धीत आहे हे कळणे, ही सुटका आहे. तत्त्वज्ञानाने एवढे केले तरी पुष्कळ केले.

तरीही मला या निबंधाविषयी दोन आक्षेप घ्यायचे आहेत.

पहिला आक्षेप असा की, या मांडणीत विचाराच्या मध्यभागी पुन्हा ब्राह्मणच येऊन बसतो. त्याचे सोवळे, त्याची कातडी, त्याचे हरवलेले भान. दलित तिथे भार वाहणारा म्हणून येतो. भार वाहता वाहता त्याने काय ओळखले, काय नाकारले, कोणते ज्ञान उभे केले, याला त्या निबंधात जागा कमी आहे. गोपाळ गुरू यांनी त्याच वर्षी दिलेल्या उत्तरात अस्पृश्यतेचे उत्खनन करायला हवे असे म्हटले. वरून आधुनिक दिसणाऱ्या जीवनाच्या थरांखाली ती कुठे दडली आहे हे खणून काढण्याची भाषा त्यांनी वापरली. खणणाऱ्याच्या हाताला माती लागते, आणि तो हात कुणाचा आहे यालाही महत्त्व येते.

दुसरा आक्षेप माझ्या तालुक्याने मला शिकवला आहे. कातडीला कातडी लागणे हा अस्पृश्यतेचा एक भाग झाला. तिचा मोठा कारभार पाण्यातून, जमिनीतून आणि कागदातून चालत आला आहे.

४

मुळशीचे नाव मराठी वाचकाला सत्याग्रहामुळे माहीत आहे. टाटा कंपनीला मुंबईच्या गिरण्यांसाठी वीज हवी होती. त्यासाठी मुळा आणि निळा या नद्यांच्या खोऱ्यात धरण बांधायचे ठरले. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला, मावळ्यांनी धरणाच्या कामावर सत्याग्रह सुरू केला. पां. म. बापट यांना 'सेनापती' ही पदवी याच लढ्याने दिली. १९२४ पर्यंत लढा चालला आणि मोडला. राजेंद्र व्होरा यांनी या सत्याग्रहाचा जो अभ्यास केला, त्यात लढ्याची दुसरी बाजूही पुढे आली. जमिनींत पुण्याच्या सावकारांचे हितसंबंध अडकलेले होते. मोबदल्याचा प्रश्न पुढे आला तसे मालकाचे हित आणि कसणाऱ्याचे हित वेगळे झाले. जगातला धरणाविरुद्धचा पहिला लढा म्हणून या सत्याग्रहाचा गौरव होतो, आणि तो सार्थ आहे. पण त्या लढ्याची लेखणी बहुतांशी पुण्याच्या शिकल्यासवरलेल्या माणसांच्या हातात होती. बुडालेल्या महारवाड्यातल्या कुणी स्वतःच्या हाताने लिहिलेली त्याची हकीकत अजून माझ्या हाती आलेली नाही.

माझ्याकडे आहे ती माझ्या आजीची आठवण. धरणाचे पाणी चढले तेव्हा ती दहा-बारा वर्षांची पोर होती. गावात असताना त्यांचा पाणवठा खालच्या अंगाला होता, आणि तोही ओढा आटला की वरच्या विहिरीपाशी मडके ठेवून कुणी पोहरा ओतील याची वाट बघावी लागे. पाणी चढू लागले तेव्हा आधी तो खालचा पाणवठा गेला, मग महारवाडा, मग पाटलाचा वाडा, मग देऊळ. आजी म्हणायची, "पान्यानं कुनाची जात इचारली न्हाय. समद्यास्नी एकाच टायमाला शिवलं." आणि मग थोडे थांबून म्हणायची, "पर नव्या गावात गेलो, तवा हीर पुन्यांदा येगळीच." वतनाची हाडोळा जमीन पाण्यात गेली. पैसे ज्यांचे कागदावर नाव त्यांना मिळाले. आमचे नाव कुठे होते ते आजीला माहीत नव्हते, आणि तिला ते कुणी दाखवलेही नाही.

आजीचे हे दोन वाक्यांचे कथन म्हणजे अनुभव. सरुक्काई यांच्या अर्थाने जगलेला अनुभव, कारण तिला त्यातून निघून जाता आले नाही. पण तो अनुभव नुसता ऐकून भागत नाही. त्यात एक कोडे आहे. एकाच पाण्याने सगळ्यांना शिवले. देवळातही तेच, महारवाड्यातही तेच. मग विटाळ कुठे गेला? आणि नव्या गावात तो परत कुठून आला?

इथे माझ्या लक्षात आले की विटाळ हा कधी कुणाचा अनुभवच नव्हता. विटाळलेले पाणी कुणी जिभेने ओळखले नाही, नाकाने हुंगले नाही, डोळ्यांनी पाहिले नाही. कुणी सांगितल्याशिवाय ब्राह्मणालाही कळत नाही की आपल्या हंड्याला कोण शिवून गेले. विटाळ हा सिद्धान्त आहे. तो इंद्रियांना दिसत नाही, म्हणून तो धरणाच्या पाण्यात बुडला नाही. तो माणसांच्या डोक्यातून, गाडग्या-मडक्यांबरोबर, नव्या गावात गेला आणि तिथे त्याने नवी विहीर खणून घेतली.

हे एकदा मान्य केले की सरुक्काई यांचे २००५ चे तर्कावरचे पुस्तक आणि २००९ चा अस्पृश्यतेवरचा निबंध हे दोन धागे एकत्र वळता येतात. विटाळाचे अनुमान दिङ्नागाच्या न्यायालयात उभे करा. प्रतिज्ञा : हे तळे विटाळले आहे. हेतू : कारण अस्पृश्य त्याला शिवला. व्याप्ती : जिथे अस्पृश्याचा स्पर्श तिथे विटाळ. ठीक आहे, आता उदाहरण द्या. धूर आणि अग्नी एकत्र पाहायला स्वयंपाकघर आहे. स्पर्श आणि विटाळ एकत्र कुणी कुठल्या स्वयंपाकघरात पाहिले? त्यांपैकी एकच गोष्ट दिसते. दुसरी दिसत नाही, ती फक्त जाहीर केली जाते. व्याप्तीच सिद्ध नाही, तिथे अनुमान उभे कसे राहणार?

कार्ल पॉपरने विज्ञानाची एक कसोटी सांगितली : जो सिद्धान्त कोणत्याही घटनेने खोटा ठरू शकत नाही तो वैज्ञानिक नव्हे. विटाळाच्या सिद्धान्ताने आपल्या बचावाची पूर्ण व्यवस्था केलेली होती. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी महाडला चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. त्या तळ्यावर गुरे पाणी पीत होती, त्याने ते विटाळत नव्हते. माणूस प्याला तेव्हा विटाळले. मग सवर्णांनी शेण, गोमूत्र, दूध, दही घातलेल्या पाण्याच्या १०८ घागरी त्यात ओतल्या आणि तळे शुद्ध झाल्याचे सांगितले. पाण्यात आधी बदल झाला नव्हता आणि नंतर झाला असलाच तर तो शेणाचा. सिद्धान्त मात्र दोन्ही वेळा खरा ठरवला गेला.

मुळशी आणि महाड यांत एक सह्याद्री आहे. ताम्हिणीचा घाट उतरला की माणगाव, आणि माणगावच्या खाली महाड. मुळशीचे अडवलेले पाणी आमच्या खोऱ्यात न राहता डोंगर भेदून घाटाखाली भिऱ्याच्या वीजघरात सोडले जाते. ते वीजघर १९२७ साली सुरू झाले. त्याच वर्षी, त्याच कुलाबा जिल्ह्यात, बाबासाहेब महाडला तळ्यावर गेले. एका ठिकाणी विज्ञानाने पाण्याची वीज केली आणि पाण्याचा धनी बदलला. दुसऱ्या ठिकाणी ज्यांच्याकडे पाण्याचे धनीपण कधीच नव्हते, त्यांनी पाण्याला हात लावला. मुळशीचा सत्याग्रह होते ते राखण्यासाठी होता. महाडचा सत्याग्रह कधीच न मिळालेले मिळवण्यासाठी होता. दोन्हींचे नाव एकच, पण दोन्हींमागचा विचार एक नाही.

महाडला बाबासाहेबांनी अनुभव सांगितला असता तर लोक रडले असते आणि घरी गेले असते. त्यांनी सिद्धान्त मांडला. आपण पाणी पिण्यासाठी आलो नसून माणूस म्हणून आपला हक्क स्थापायला आलो आहोत, हा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. डिसेंबरच्या परिषदेत त्यांनी १७८९ च्या फ्रेंच राष्ट्रसभेचा दाखला दिला. पुढे तळे खाजगी आहे आणि पाणी न भरू देण्याची वहिवाट अनादि आहे असा दावा कोर्टात गेला. १९३७ साली मुंबई हायकोर्टाने निकाल दिला की अशी अनादि वहिवाट सिद्ध झालेली नाही. दहा वर्षांनी का होईना, विटाळाच्या सिद्धान्ताला पुरावा द्या असे कुणीतरी म्हटले, आणि तो देता आला नाही.

बाबासाहेबांना ही शिस्त कुठून मिळाली याचा विचार केला तर पुन्हा विज्ञानाच्या तत्त्वज्ञानापाशीच यावे लागते. १९१३ ते १९१६ या काळात ते कोलंबिया विद्यापीठात होते आणि जॉन ड्यूई तिथे शिकवत होते. ड्यूईंच्या मते अनुभव ही मनात जपून ठेवण्याची मालमत्ता नव्हे. माणूस काही करतो, त्याचे परिणाम सोसतो, त्यातून अडचण ओळखतो, तिच्यावर उपाय योजतो आणि तो तपासतो. शास्त्रज्ञाची रीत आणि लोकशाहीतल्या नागरिकाची रीत यांत ते मूलभूत फरक मानत नाहीत. १९३६ च्या 'जातिनिर्मूलना'त बाबासाहेबांनी आपल्या या गुरूचे ऋण नाव घेऊन मान्य केले आहे. गुरू आणि सरुक्काई यांनी २००२ नंतर जो वाद घातला, त्याचे एक उत्तर चवदार तळ्याच्या काठावर आधीच दिले गेले होते. अनुभवाचा मालक तिथे सिद्धान्ताचा कर्ता झाला होता.

सरुक्काई यांच्याकडे एक मागणी मला याच पाण्याच्या काठावरून करायची आहे. २०२० साली त्यांनी जे. आर. डी. टाटा आणि परोपकाराची नीती या विषयावर पुस्तक लिहिले. मुळशीचा लढा जे. आर. डीं.च्या कारभाराच्या आधीचा, त्यामुळे त्याचा हिशेब त्या एका माणसाकडे मागणे अन्यायाचे होईल. पण धरण त्याच घराण्याच्या नावाचे आहे. देण्याच्या नीतीचा विचार करणाऱ्या तत्त्वज्ञाने घेण्याच्या नीतीचाही तितकाच सूक्ष्म विचार करावा, असे मुळशीच्या माणसाने म्हटले तर ते रागाने म्हटलेले समजू नये. स्पर्शाचा इतका खोल विचार ज्याने केला, त्याच्याकडूनच ही अपेक्षा करता येते.

५

आता आपल्याविषयी.

काही वर्षांपूर्वी पुण्याच्या एका संस्थेतून संशोधन करणारा एक तरुण आमच्या वस्तीत आला. चांगला मुलगा होता. त्याच्याकडे छापील प्रश्नावली होती. माझ्या दोन माजी विद्यार्थ्यांना त्याने रोजावर घेतले. त्यांनी घरोघर जाऊन फॉर्म भरले, म्हाताऱ्यांना बोलते केले, जुनी नावे विचारून काढली. माझ्या आजीची विहिरीची गोष्टही त्या फॉर्मात गेली असेल. पुढे प्रबंध झाला असे कळले. माझ्या मुलांना रोज मिळाला, प्रबंधाची प्रत मिळाली नाही. त्यांनी ती मागितलीही नाही, कारण ती आपण वाचायची वस्तू आहे असे त्यांना वाटलेच नाही. गुरूंचे दोन मजले मी त्या दिवशी माझ्या ओसरीवर पाहिले.

त्या तरुणाला दोष देऊन मला मोकळे होता येत नाही. मी या मुलांचा मास्तर होतो. मी त्यांना आत्मकथने वाचायला दिली, कविता पाठ करून घेतल्या, जयंतीला भाषणे लिहून दिली. तुमच्या आजीच्या गोष्टीत एक प्रश्न आहे आणि तो तुम्ही सोडवायचा आहे, असे मी त्यांना कधी सांगितले नाही. विज्ञान शाखेला गेलेला मुलगा आपल्याकडे नोकरीसाठी जातो आणि साहित्याकडे वळलेला मुलगा व्यथेसाठी वळतो. जो पदार्थविज्ञान शिकेल आणि 'पुरावा म्हणजे काय' असे विचारत जातीकडे वळेल, असा मुलगा घडवणे आपल्या कार्यक्रमपत्रिकेवर नसते. सरुक्काई यांच्या कारकिर्दीकडे मी म्हणूनच बोट दाखवतो. त्यांचा प्रत्येक निष्कर्ष आपण स्वीकारावा असे मी म्हणत नाही. सममितीचा विचार करणारी बुद्धी तीच धार न घालवता अस्पृश्यतेचा विचार करू शकते, हे त्यांनी करून दाखवले. ही वाट त्यांच्या मालकीची नाही. दिङ्नाग आणि धर्मकीर्ती यांच्या वारसांना ती अधिक जवळची असायला हवी.

यात एक धोका आहे, आणि तो मी लपवत नाही. सिद्धान्ताचेही सोवळे तयार होऊ शकते. हा सारा वाद इंग्रजीत झाला. त्या पुस्तकांच्या किमती आमच्या तालुक्यातल्या ग्रंथालयाला परवडत नाहीत, आणि त्यांची भाषा पदवीधरालाही अडखळवते. उद्या आपल्यातलेच चारजण त्या भाषेत पारंगत झाले आणि वस्तीकडे माहितीचे कोठार म्हणून पाहू लागले, तर मजले तसेच राहतील, फक्त वर बसणाऱ्यांची आडनावे बदलतील. यावर उपाय एकच, हा वाद मराठीत, आपल्या उदाहरणांनिशी, आपल्या नियतकालिकांतून पुन्हा मांडायचा. धूर आणि अग्नीच्या शेजारी विहीर आणि विटाळ ठेवायचा.

आत्मकथनांचे दिवस संपले असे मी म्हणत नाही. माझ्या आजीची दोन वाक्ये नसती तर मला प्रश्नच पडला नसता. साक्ष नसेल तर खटला उभा राहत नाही. पण इतकी वर्षे आपण साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहून उत्तम साक्ष दिली, आणि युक्तिवाद दुसऱ्यांवर सोपवला, निवाडाही दुसऱ्यांवर सोपवला. आता पिंजऱ्यातून खाली उतरून वकिलाच्या जागी उभे राहायचे आहे.

आज हिंजवडीच्या कारखानदारीने आणि डोंगरावरच्या बंगल्यांनी मुळशीच्या जमिनी पुन्हा एकदा धनी बदलत आहेत. लवळ्याच्या टेकडीवर मोठी विद्यापीठे उभी आहेत. त्यांच्या पायथ्याच्या वस्तीतली मुले तिथे रखवालदार म्हणून जातात, बागेला पाणी घालायला जातात. त्यांच्यातला एखादा उद्या त्या टेकडीवरच्या वर्गात बसेल, आणि गुरुजी धूर आणि अग्नीचे उदाहरण देत असताना हात वर करून विटाळाचे उदाहरण विचारील. तो प्रश्न त्याच्या ओठांवर आणून ठेवणे हे आपले, मास्तरांचे आणि लेखकांचे, काम आहे. मी ते वेळेवर केले नाही. म्हणून हा लेख लिहिला.